ब आधी, क नंतर

१

सिस्टरच्या तोंडावर कुणीतरी नऊ घाव घातले होते. पहिल्या दोन-तीन घावांतच त्या गेल्या असणार, पण मारणाऱ्याचं तेवढ्यावर भागलं नव्हतं. जबडा मोडून एका बाजूला सरकला होता. दोन दात पलंगाच्या चाकापाशी पडले होते आणि रक्ताचे शिंतोडे पांढऱ्या फरश्यांवरून थेट भिंतीवरच्या घड्याळापर्यंत पोचले होते. घड्याळ मात्र इमानेइतबारे चालू होतं. दहा वाजून पस्तीस मिनिटं झाली होती.

इन्स्पेक्टरबाई दारातच थांबल्या. वीस वर्षांच्या नोकरीत त्यांनी प्रेतं कमी पाहिली नव्हती, आणि घाव कुठे घातलेत त्यावरून मारणाऱ्याच्या मनातलं थोडंफार कळतं असा त्यांचा अनुभव होता. छातीवर एकही घाव नव्हता, पाठीवरही नव्हता. सगळे तोंडावर. बाईंच्या डोक्यात आलं, हिला मारायचं नव्हतं, हिचं बोलणं बंद करायचं होतं.

मनाच्या आजारांचा तो खाजगी दवाखाना, आणि पहिल्या मजल्यावरच्या या खोलीला सगळे शॉकची खोली म्हणत. भिंतीलगत एक उंच पलंग, त्याच्या उशाशी सुटकेसएवढं यंत्र आणि कोपऱ्यात ऑक्सिजनचा सिलिंडर. सिलिंडर उघडायचा लोखंडी पाना ज्या खिळ्याला टांगलेला असायचा, तो खिळा रिकामा होता. सिस्टर पलंगाच्या पायथ्याशी पडल्या होत्या. बावीस वर्षं त्या याच जागी उभं राहून काम करत होत्या, असं नंतर कळलं.

"बाई," हवालदारांनी आतल्या पडद्याकडे बोट दाखवलं. त्या बोटातून रक्त येत होतं. जमिनीवरची फुटकी कुपी उचलायला गेले आणि बोट कापून घेतलं. माणूस कामाचा, फक्त हाताला धीर नाही आणि जिभेला हाड नाही. "आरोपी तयारच आहे. आपल्याला काही कामच ठेवलं नाही त्याने."

पडद्यामागे शुद्धीवर यायच्या खाटा होत्या. त्यातल्या एकीच्या कडेवर चाळिशीचा एक दणकट माणूस बसला होता. हातपाय सुताराचे, आणि होताही सुतारच. सदरा रक्ताने भिजलेला. उजव्या मुठीत तो पाना. मूठ, मनगट, बोटांच्या पेरांमधल्या फटी, सगळं लालभडक. फक्त हाताच्या पाठीवर सलाईनची सुई होती आणि तिच्यावरची चिकटपट्टी तेवढी पांढरीशुभ्र होती, एक टोक नीट दुमडलेली.

त्याने मान वर केली. डोळे नुकत्याच झोपेतून उठलेल्या माणसासारखे होते.

"मीच," तो म्हणाला. "आठवत काही नाही. पण मीच मारलं असणार."

२

"असं म्हणतात हो ते," सुताराची बायको म्हणाली. "सगळं मीच केलं म्हणतात. गेल्या साली पूर आला ना, तोही यांनीच आणला. नदीपर्यंत चालत गेले आणि पोलिसचौकीत जाऊन मला अटक करा म्हणाले. तुमच्याच माणसांनी घरी आणून सोडलं."

हवालदार हसले. बाईंनी त्यांच्याकडे पाहिलं तेव्हा त्यांना खोकला आला.

"हाच तर आजार आहे त्यांचा. शेजारचं मूल आजारी पडलं, माझ्यामुळे. मालकाचं लाकूड भिजलं, माझ्यामुळे. खाणं सोडलं, बोलणं सोडलं, आणि एक दिवस स्वतःचीच पटाशी स्वतःच्या गळ्याला लावली. मी हात धरला म्हणून..." तिने तळहात उघडून दाखवला. मधोमध जाड पांढरा वण होता. "इथे आणल्यावर माणसात आले. तीन शॉक झाले तेव्हा माझ्याकडे बघून हसले. दोन वर्षांनी हसले हो. अजून चार राहिलेत. तुम्ही नेलंत तर ते राहतील, आणि हा माणूस तुरुंगात पहिल्या खिळ्याला लटकेल."

साहेबांचा फोन आत्ताच येऊन गेला होता. कबुली आहे, हत्यार हातात आहे, संध्याकाळी पाचपर्यंत कागद वर पाठवा.

"आज सकाळचं त्यांना काहीच का आठवत नाही?"

"शॉक दिला की त्याच्या आगेमागचं पुसलं जातं थोडं. डॉक्टरांनी आधीच सांगितलं होतं. तास-दोन तास कळतच नाही आपण कुठे आहोत. बसवलं तर बसतात, हातात पेला दिला तर धरतात." तिचा आवाज उतरला. "एक मात्र विसरत नाहीत. गेल्या तीन वेळा शॉकहून आले की रडतात. म्हणतात, मला पुरलं. जिवंतपणी पुरलं. माणसं वर बोलत असतात, ऐकू येतं, पण हात हलत नाही, श्वास घेता येत नाही. मी थोरल्या डॉक्टरांना सांगितलं. ते म्हणाले, आजाराचाच भाग आहे."

"आधीच्या शॉकच्या वेळी म्हणायचे असं?"

"पहिल्या दोन-तीन वेळी नाही. तेव्हा गाढ झोप लागली म्हणायचे."

बाई उठल्या. पूर आणणाऱ्या माणसाच्या बाकीच्या कबुल्या खोट्या होत्या. मग ही एवढीच कशी खरी असेल? आणि जर ही खोटी असेल, तर खरा माणूस याच इमारतीत, चार दारांच्या आत, हात धुऊन बसला होता.

३

ती दारं तीनच निघाली.

थोरले डॉक्टर दवाखान्याचे मालक. साठी ओलांडलेले, नाकावर माशी बसू न देणारे. शॉकची कळ तेच दाबत. "आज एकच रोगी होता, सुतार. सव्वानऊला शॉक दिला, साडेनऊला मी खाली माझ्या खोलीत गेलो. तिथे एकटाच होतो. आता हा काही गुन्हा नाही."

"सिस्टरशी तुमचं वाजलं होतं म्हणे."

"बावीस वर्षांत रोजच वाजायचं. परवा म्हणाल्या, शॉक काही दिवस थांबवा, मला शंका आहे. कसली, तर म्हणे खात्री झाली की सांगते. शंकेवर दवाखाना चालतो का?" त्यांनी चष्मा काढला. डोळे ओले होते आणि त्यांना ते दाखवायचं नव्हतं. "सुताराला तसं पाहिल्यावर आम्ही कुणीही जवळ गेलो नाही. खरं सांगतो, हिंमतच झाली नाही. पोलीस येईपर्यंत त्याला कुणाचा हात लागलेला नाही."

दुसरी त्यांची पुतणी, तीही डॉक्टर. तिची खोली भिंतीपलीकडे. तिथे शॉक नाही, चुंबक. डोक्यावर एक जाड कडं धरायचं, कडं चार सेकंद सुतारपक्ष्यासारखं टकटकतं, मग थांबतं, मग पुन्हा टकटकतं. त्याने मेंदूतला नेमका भाग जागा करायचा, आणि रोगी आरामात खुर्चीत बसलेला. पुतणीला शॉकची खोली बंद करून चुंबकाची दोन यंत्रं हवी होती, आणि सिस्टर काकांचे कान भरतात असं ती चारचौघांत म्हणाली होती. तेही तिने लपवलं नाही.

"साडेनऊ ते दहा-दहा माझ्यासमोर रोगी होता. टकटक इतकी मोठी असते की कानात बोळे घालावे लागतात. पलीकडे कुणी खून केला तरी..." ती थांबली. बोलता बोलता ती उद्याच्या रोग्याच्या टोपीसाठी चिकटपट्टीचे तुकडे कात्रीने कापत होती. एकसारखे, कडा सरळ, सवयीने. आता तिने कात्री खाली ठेवली. "रोगी गेल्यावर मी डोकावले. मीच पाहिलं पहिल्यांदा."

तिसरे भूलवाले डॉक्टर. शॉकच्या आधी झोपेचं इंजेक्शन द्यायचं आणि मग अंग ढिलं करायचं, हे त्यांचं काम. पन्नाशीचा मृदू बोलणारा माणूस, डोळ्यांखाली काळी वर्तुळं. हवालदारांचं बोट पाहताच त्यांनी खिशातून चिकटपट्टीचं रीळ काढलं, बोट पुसलं, पट्टी दातांनी तोडून गुंडाळली. हवालदारांना कळलंही नाही.

"हलका हात आहे डॉक्टर तुमचा."

"तेवढंच येतं. जगाला झोपवतो, मला मेल्याला झोप नाही. बारा वर्षं झाली." ते ओशाळं हसले. "सुई काढायची राहिली होती सुताराची, तेवढ्यासाठी मी चहाच्या खोलीतून सव्वादहाच्या सुमाराला निघालो, तर आरडाओरडा ऐकू आला. मी दारातूनच मागे फिरलो. रक्त पाहवत नाही मला. डॉक्टर असून."

बाईंनी तिघांचंही ऐकून घेतलं. तिघांपैकी रक्त कुणाच्याच कपड्यांवर नव्हतं. पण खोलीत घालायच्या हिरव्या गाऊनांपैकी एक कमी होता, आणि रक्त न पाहवणारा माणूस रक्ताळलेलं बोट पाहून स्वतःहून पुढे आला होता.

४

सुताराची फाईल टेबलावर होती. शॉक दिला की यंत्रातून कागदाची लांब पट्टी निघते, तिच्यावर मेंदूच्या लहरींच्या वेड्यावाकड्या रेघा. दर वेळची पट्टी सिस्टर डिंकाने फाईलला चिकटवत. आज सकाळची पट्टी कुणीतरी ओरबाडून काढली होती. डिंक अजून ओला होता.

आधीच्या पट्ट्या मात्र जागेवर होत्या. डिंक सुकल्यावर त्या फाईल फाडल्याशिवाय निघत नव्हत्या. प्रत्येकीच्या कोपऱ्यात सिस्टरने बॉलपेनने बारीक अक्षरात दोन वेळा लिहिल्या होत्या. शेवटच्या पट्टीवर होतं, "ब ९-१२-२०, क ९-१४-०५". तास, मिनिटं, सेकंद.

"क म्हणजे कळ," थोरले डॉक्टर म्हणाले. "मी कळ दाबतो ती वेळ. ब म्हणजे... ब्लडप्रेशर घेतल्याची असेल. मी कधी पाहिलं नाही. नर्सनी काय लिहायचं हे मी बघत बसत नाही."

पुतणीने खांदे उडवले. तिने या फाईली कधी उघडल्याच नव्हत्या.

भूलवाले डॉक्टर पट्टीवर वाकले आणि क्षणभर थांबले. "ब म्हणजे बेशुद्ध. रोगी बेशुद्ध झाल्याची वेळ. मी इंजेक्शन दिलं की ती घड्याळ बघायची. मग दीड-दोन मिनिटांनी कळ. बरोबर आहे सगळं."

खरंच बरोबर वाटत होतं. आधी बेशुद्ध, नंतर शॉक. हवालदारांनी मान डोलावली आणि घड्याळाकडे पाहिलं. तीन वाजले होते. पाचला गाडी येणार होती आणि पडद्यामागे सुतार विचारत होता, अंगठा कुठे उठवू.

बाईंना एक खोड होती. कुणी चटकन पटेल असं उत्तर दिलं की त्यांना ते पुन्हा मोजून बघावंसं वाटायचं. त्यांनी कपाट उघडलं आणि जुन्या फाईली खाली ओढल्या. गेल्या वर्षीचा एक मास्तर. त्याच्या आधीची एक विणकर बाई. एकेक पट्टी बोटाने चाळत गेल्या आणि त्यांचं बोट थांबलं.

"क ९-०६-१०, ब ९-०६-१२."

पुढची पट्टीही तशीच. त्याच्या पुढचीही. वर्षानुवर्षं आधी क आणि दोन सेकंदांनी ब. सुताराच्या पहिल्या तीन पट्ट्याही तशाच होत्या. फक्त शेवटच्या तिन्हींवर ब उडी मारून पुढे गेला होता.

कळ दाबल्यावर दोन सेकंदांनी कुणी रोग्याला बेशुद्ध करत नाही. ब म्हणजे बेशुद्ध नव्हतंच. आणि हे ज्याला सगळ्यांत आधी कळायला हवं, त्यानेच ते खोटं सांगितलं होतं.

५

"एक विचारू?" हवालदार म्हणाले. "या खोलीत ब्लडप्रेशरची दोन यंत्रं कशाला? एक उशाशी आहे, एक पायाशी. पायालाही प्रेशर असतं का?"

बाईंनी त्यांच्याकडे असं पाहिलं की बिचाऱ्याने जीभ चावली. पण बाई रागावल्या नव्हत्या. त्यांनी पुतणीला बोलावलं आणि तोच प्रश्न विचारला.

"ते प्रेशरसाठी नाही," पुतणी म्हणाली. "शॉकने फिट येते. फिट आलीच पाहिजे, तिनेच गुण येतो. पण अंग आपटून हाडं मोडू नयेत म्हणून सगळे स्नायू ढिले करायचं औषध देतात. मग माणूस पापणीही हलवू शकत नाही. स्वतःचा श्वाससुद्धा घेता येत नाही, आपण रबरी पिशवीने द्यायचा. मग फिट आली हे डोळ्यांना कळणार कसं? म्हणून रोगी झोपला की ते औषध देण्याआधी घोट्याच्या वर हा पट्टा आवळतात. औषध पावलात उतरत नाही. सगळं अंग मढ्यासारखं, एक पायाची बोटं तेवढी जिवंत. फिट आली की ती हलतात. सिस्टर तिथे उभ्या राहून..."

"बोटं बघायच्या," बाई म्हणाल्या.

"हो. बोटं."

बाईंनी फाईल उघडून तिच्यासमोर धरली. पुतणीने पट्टी वाचली, पुन्हा वाचली, आणि जवळची खुर्ची धरून खाली बसली.

"कळ दाबायच्या आधी," ती पुटपुटली. "पावणेदोन मिनिटं आधी. म्हणजे तो जागा होता. झोपेचं औषध लागलंच नव्हतं. अंग मेलेलं, श्वास बंद, आणि तो आत जागा. बोटांनी सांगत होता. आणि मग त्यावर शॉक."

मला पुरलं, जिवंतपणी पुरलं. आजाराचाच भाग आहे, असं सगळ्यांनी ठरवून टाकलेलं. एका सिस्टरने मात्र त्या बोटांचं ऐकलं होतं. एकदा शंका म्हणून, दुसऱ्यांदा खात्री म्हणून, तिसऱ्यांदा पुरावा म्हणून वेळ टिपत राहिली. बाईंना तिचा राग आला आणि त्याच श्वासात भडभडून आलं. बाई गं, पहिल्याच वेळी ओरडली का नाहीस?

"झोपेचं औषध जातं कुठे?" हवालदारांनी विचारलं.

बाई उत्तर न देता पडद्यामागे गेल्या. सुताराचा उजवा हात त्यांनी स्वतःच्या मांडीवर घेतला. पेरांमधलं रक्त आता काळं पडलं होतं. पट्टी पांढरी. त्यांनी दुमडलेलं टोक चिमटीत धरून पट्टी हलकेच उचलली.

पट्टीखालची कातडी रक्ताने माखलेली होती.

६

पावणेपाचला बाईंनी तिघांना शॉकच्या खोलीत बोलावलं. फरशी तशीच होती.

"भूलवाले डॉक्टर, एक काम करा. हवालदारांची पट्टी ओली झाली आहे, बदलून द्या."

त्यांनी बोट हातात घेतलं आणि पट्टीचं एक टोक उचकून क्षणात काढली. नवी दातांनी तोडली, गुंडाळली, आणि शेवटचं टोक गव्हाच्या दाण्याएवढं आत दुमडलं.

"हे टोक का दुमडता?"

"सवय. काढताना नख मारावं लागत नाही. रोग्याला दुखत नाही."

"चांगली सवय आहे. या पुतणीबाई कात्रीने कापतात, टोक सरळ. थोरल्या डॉक्टरांनी वीस वर्षांत पट्टी लावली नसेल."

"नाही लावली," थोरले म्हणाले.

बाईंनी पिशवीतली पट्टी वर धरली. एक टोक दाताने तोडलेलं, दुसरं दुमडलेलं, आतल्या बाजूला रक्त. "ही सुताराच्या हातावरची. सकाळी नऊला लावली असती तर रक्त हिच्यावर उडालं असतं. रक्त हिच्याखाली आहे. म्हणजे सिस्टर मेल्यावर ही लावली. झोपेतून अर्धवट उठलेल्या माणसाच्या हाताला तुम्ही रक्त फासलंत, पाना मुठीत दिलात. हातात दिलेलं तो धरतो, हे तुम्हाला ठाऊक होतं. त्या ओढाताणीत सुई सुटली. आणि सुटलेली सुई लोंबताना तुमच्या हाताला बघवली नाही. त्याच्यावर खुनाचा आळ घालताना त्याला टोचू नये एवढी काळजी तुम्ही घेतलीत. आमच्यापैकी कुणीच त्याला हात लावला नाही, असं थोरले म्हणाले. तुमचा हात मात्र राहिला नाही."

भूलवाले डॉक्टर पट्टीकडे बघत राहिले, स्वतःची लबाडी नव्हे तर चूक पकडली गेल्यासारखे.

"बारा वर्षं," ते म्हणाले. "तुम्हाला काय कळणार. सगळं जग घोरत असतं. आधी कुपीत उरलेलं घ्यायचो. थेंबभर. एक तास झोप लागायची, देवाघरची झोप. मग उरलेलं पुरेना. रोग्याला अर्धं द्यायचो, मग जेमतेम डोळे मिटतील एवढंच, बाकी पाणी. सुतार वेडाच, त्याचं कोण ऐकणार होतं? सिस्टर म्हणाली, दुपारपर्यंत तुम्ही थोरल्यांना सांगा, नाहीतर मी सांगते. भिंतीपलीकडे टकटक चालू झाली. ती थांबली की मी थांबायचो. पुन्हा सुरू झाली की..."

थोरले डॉक्टर भिंतीला टेकले. त्यांच्या तोंडून एक आवाज निघाला, जनावराचा निघतो तसा.

हवालदार बेडी काढायला वळले तेवढ्यात ते घडलं. भूलवाल्यांचा हात खिशातून सिरिंज घेऊनच बाहेर आला. बाईंनी तो अडवला, पण सुई दंडात शिरली आणि दट्ट्या तळापर्यंत गेला. बाईंनी कपाळ त्यांच्या नाकावर हाणलं. हाड मोडल्याचा आवाज आला. ते पलंगावर आदळले, उठले, घशाला धरायला आले. बाईंनी मनगट पकडून कोपर उलटं पिरगाळलं आणि ते किंचाळत फरशीवर गेले. हवालदारांनी वर बसून आणखी दोन ठेवून दिल्या. ते कायद्यात बसत नव्हतं.

"बेडी घाला," असं बाईंना म्हणायचं होतं. जीभ उचलली नाही.

पापण्या आधी गेल्या. मग मान, मग गुडघे. डोकं फरशीवर आपटलं ते त्यांना नीट कळलं, दुखलंसुद्धा. मग छाती थांबली. त्यांनी श्वास ओढला आणि ओढायला काही जागेवरच नव्हतं. अंधारात त्यांना सगळं ऐकू येत होतं. हवालदार रडत होते. कुणीतरी म्हणालं, "गेल्या."

नाही, बाई आतून ओरडत होत्या. मी आहे. इथे आहे. त्यांच्या घोट्याला पट्टा नव्हता. सांगायला पायाची बोटंही नव्हती.

मग नाकातोंडावर रबर दाबलं गेलं आणि छातीत वारा शिरला.

"बाई," कानाशी पुतणीचा आवाज आला. "तुम्ही जाग्या आहात, मला माहीत आहे. ऐकू येतंय, तेही माहीत आहे. श्वास मी देते. तुम्ही नुसतं मोजा. एक."

७

गाडी पाचला आली आणि सुताराऐवजी दुसऱ्याच माणसाला घेऊन गेली. रक्ताळलेला गाऊन चहाच्या खोलीमागच्या पाण्याच्या टाकीत सापडला, सकाळची पट्टीही तिथेच, लगदा झालेली. त्यावर ब आणि क वाचता येत नव्हते. आता गरजही नव्हती.

आठ दिवसांनी सुताराच्या बायकोचा फोन आला. तिने आढेवेढे घेतले नाहीत. "ते पलंगावर चढत नाहीत. नवीन भूलवाल्या बाई आल्यात, चांगल्या आहेत. पण हे खाटेला धरून बसलेत. कालपासून पुन्हा म्हणायला लागलेत, सिस्टर माझ्यामुळे गेल्या. मला भीती वाटते हो. पटाशी मी लपवून ठेवली आहे."

बाई गेल्या. दंडावरचा डाग अजून हिरवा होता. फरशी घासून स्वच्छ केली होती, फक्त घड्याळाच्या चौकटीच्या फटीत एक लाल रेघ राहून गेली होती. सुतार पलंगापाशी उभा होता, दोन्ही हातांनी कठडा घट्ट धरून.

"पायाशी कोण उभं राहणार?" त्याने विचारलं. तेवढाच त्याचा प्रश्न होता.

थोरले डॉक्टर जमिनीकडे बघत राहिले. पलंगाच्या पायथ्याशी एक फरशी बाकीच्यांपेक्षा गुळगुळीत झालेली होती. बावीस वर्षं एकाच जागी उभं राहिल्यावर होते तशी. तिच्यावर पाय ठेवायला कुणी धजत नव्हतं.

"मी," बाई म्हणाल्या. "तुम्हाला आत काय होतं ते मला माहीत आहे. बोट हललं तर मी यंत्राची वायर उपटीन. मग थोरल्यांनी माझ्यावर खुशाल फिर्याद करावी."

सुताराने कठडा सोडला. मग तो पलंगावर चढला.

झोपेचं औषध गेलं. पुतणीने घोट्यावर पट्टा आवळला. मग दुसरं औषध गेलं, आणि सगळं अंग एकदम सैल पडलं. बाईंची नजर उजव्या पावलावर होती. टाचेला भेगा, अंगठ्याच्या नखात लाकडाचा जुना भुसा. दहा सेकंद. वीस. मिनिट झालं. दीड मिनिट झालं. पाचही बोटं गाढ झोपलेल्या मुलाच्या बोटांसारखी एकमेकांना टेकून पडली होती.

त्यांनी मान हलवली. थोरल्यांनी कळ दाबली.

दोन सेकंदांनी अंगठा वळला, मग बाकीची बोटं, आणि मग सगळं पाऊल थरथरायला लागलं. बाईंनी खिशातून पेन काढलं. अक्षर लागेल असं त्यांनी पट्टीच्या कोपऱ्यात लिहिलं, "क ९-२१-०५, ब ९-२१-०७". आणि मग त्या तिथेच, त्या गुळगुळीत फरशीवर उभ्या राहून, कुणाची पर्वा न करता रडल्या.

तासाभराने पडद्यामागे सुताराने डोळे उघडले. वार कुठला ते त्याला सांगता येईना. त्याने बायकोचा हात चाचपला आणि तळहातावरचा वण सापडल्यावर थांबला.

"पुरलं का मला?"

"नाही हो," ती म्हणाली. "झोपला होतात."